खुर्चीमागून कॅमेऱ्यासमोर: मिस लॉरेन्स आणि कृष्णवर्णीयांची केससंस्कृती (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

माझं पुण्यात छोटंसं पार्लर आहे. तीन खुर्च्या, एक बेसिन आणि भिंतीवर टीव्ही. दुपारी गिऱ्हाईक नसलं की मी त्यावर अमेरिकेतले रिअ‍ॅलिटी शो बघत बसते. त्यातूनच मिस लॉरेन्स हे प्रकरण डोक्यात बसलं. मग माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलींना सांगत सुटले, आणि त्या प्रश्न विचारत सुटल्या. ते प्रश्न इथे एकत्र केले आहेत. उत्तरं सारख्या लांबीची नाहीत. जिथे हात चालतो तिथे तोंडही जास्त चालतं.

मिस लॉरेन्स म्हणजे नक्की कोण?

अमेरिकेच्या जॉर्जिया राज्यातल्या अटलांटा शहरातले केशरचनाकार. मूळ नाव लॉरेन्स वॉशिंग्टन. ब्राव्हो वाहिनीवर २००८ साली 'द रिअल हाउसवाइव्ज ऑफ अटलांटा' हा कार्यक्रम सुरू झाला. त्यातल्या शरे व्हिटफील्ड यांचे केस करणारा माणूस म्हणून ते पहिल्यांदा लोकांच्या नजरेत भरले. पुढे सूत्रसंचालक झाले, मालिकेत आले, चित्रपटात आले. हातातला कंगवा बाजूला ठेवून थेट नट झालेली माणसं फार नसतात, त्यांतले हे एक.

'मिस' म्हणायचं आणि 'ते'ही म्हणायचं? त्या की ते?

त्यांचा पेहराव, टाचांचे बूट, मेकअप हे सगळं पुरुषी-बायकी अशा दोन खणांत बसत नाही, आणि बसवायची त्यांना घाईही नाही. इंग्रजीत लिहिणाऱ्यांची सर्वनामावरून तारांबळ उडते. आपल्याकडे आदरार्थी 'ते' आहे, त्यात सगळं निभावतं. मी तेच वापरते.

पार्लरमधला माणूस अभिनेता कसा झाला?

टप्पे सांगते. हाउसवाइव्जमध्ये ते अधूनमधून दिसायचे, पण दिसले की प्रसंग खाऊन जायचे. २०१३ मध्ये ब्राव्होने त्यांना, डेरेक जे नावाच्या दुसऱ्या अटलांटाच्या केशरचनाकाराला आणि बेव्ही स्मिथ यांना एकत्र बसवून 'फॅशन क्वीन्स' हा गप्पांचा कार्यक्रम काढला. कोणी काय घातलं, कोणाचा विग कुठे घसरला, यावर तिघं तोंडसुख घ्यायचे. २०१६ च्या डिसेंबरात दिग्दर्शक ली डॅनियल्स यांची 'स्टार' ही मालिका फॉक्सवर सुरू झाली. गायिका होऊ पाहणाऱ्या तीन मुली आणि अटलांटातलं एक पार्लर अशी तिची मांडणी. पार्लरची मालकीण कार्लोटा म्हणजे क्वीन लतिफा, आणि त्याच पार्लरमध्ये काम करणारी मिस ब्रूस म्हणजे मिस लॉरेन्स. मालिका तीन पर्वं चालून २०१९ मध्ये संपली. त्यानंतर डॅनियल्स यांनीच बिली हॉलिडे या गायिकेवर काढलेल्या २०२१ च्या चित्रपटात ते मिस फ्रेडी झाले, आणि २०२२ च्या 'ब्रॉस' या विनोदी चित्रपटातही दिसले.

आता माझं मत. लोक म्हणतात, नशीब. मला तसं वाटत नाही. आमच्या धंद्यात माणूस दिवसाचे आठ-दहा तास उभ्याने बोलतो. समोर आरसा असतो. गिऱ्हाइकाकडे बघायचं ते आरशातून, म्हणजे स्वतःचा चेहराही सतत दिसत राहतो. कधी बोलायचं, कधी नुसतं 'हं' म्हणायचं, एखादीचा घटस्फोट ऐकताना हात न थांबवता भुवई किती उचलायची, हे सगळं खुर्चीमागे शिकलं जातं. कॅमेऱ्याला हेच लागतं. मिस लॉरेन्स यांची तालीम पार्लरमध्ये झाली आणि तिचे पैसेही मिळाले!

अटलांटाच का? न्यूयॉर्क किंवा लॉस एंजेलिस का नाही?

कृष्णवर्णीयांच्या केसांच्या धंद्याचं ते पंढरपूर आहे असं समजा. १९४७ साली नॅथॅनिएल ब्रॉनर आणि त्यांचा भाऊ आर्थर यांनी तिथे ब्रॉनर ब्रदर्स ही कंपनी काढली. तिचा केसांचा मेळा वर्षानुवर्षं भरत आला आणि देशभरातून पार्लरवाले तिथे यायचे. नवीन माल बघायला, हात दाखवायला आणि मिरवायला.

२००९ चा 'गुड हेअर' हा माहितीपट त्याच मेळ्यातल्या स्पर्धेभोवती गुंफलेला आहे. विनोदवीर क्रिस रॉक त्यात निवेदक आहेत. स्पर्धा म्हणजे नुसती कात्री चालवणं नव्हे, तमाशाच असतो. कोणी उलटं टांगून केस कापतं, कोणी पाण्याखाली, कोणी वाजंत्री घेऊन मंचावर येतं. चार स्पर्धकांमध्ये एक डेरेक जे, म्हणजे पुढे मिस लॉरेन्स यांच्याबरोबर 'फॅशन क्वीन्स'मध्ये बसलेले तेच, आणि इथेही टाचांच्या बुटांत. तेव्हा वाहिन्यांनी या माणसांना नंतर शोधलं. मंचाची सवय त्यांना आधीपासून होती.

'गुड हेअर'मध्ये तिरुपती दाखवलंय, हे खरं का?

खरं आहे. आणि मला तो भाग बघताना जागेवर बसवेना.

रॉक यांची मुलगी लहान असताना त्यांना विचारते की माझे केस 'चांगले' का नाहीत. त्या प्रश्नावरून ते हिंडायला निघतात आणि हिंडत हिंडत भारतात पोचतात, तिरुमलाच्या देवळात. नवस फेडायला आलेल्या बायका मुंडन करतात, ते केस गोळा होतात, लिलावात विकले जातात, धुऊन-निवडून परदेशी जातात, आणि अमेरिकेतल्या पार्लरमध्ये हजार-हजार डॉलरच्या केशरचनेत शिवले जातात.

माझ्या आईने नवस बोलला होता. बाबांच्या ऑपरेशननंतर आम्ही आधी कोल्हापूरची अंबाबाई केली, मग गाडीने तिरुपती. कल्याणकट्ट्यात आईचा कमरेपर्यंतचा शेपटा न्हाव्याने आधी गाठ मारून बांधला, मग वस्तरा लावला. गाठ का मारली हे मला तेव्हा कळलं नाही. धंद्यात पडल्यावर कळलं: केसांची मुळं एका बाजूला आणि टोकं एका बाजूला राहिली की माल गुंतत नाही आणि भाव चढतो. बाजारात त्याला 'रेमी' म्हणतात. आईला देवाने दिलेलं देवाला परत केल्याचं समाधान होतं. दूर कुठेतरी एखादीला ते डोक्यावर घेऊन ऑफिसात जायचं होतं. मधल्या माणसांची चंगळ.

म्हणजे त्यांचं 'वीव्ह' म्हणजे आपलं गंगावनच की?

कल्पना तीच, काम वेगळं. आपण गंगावन वेणीत गुंफतो आणि रात्री काढून खुंटीला टांगतो. वीव्हमध्ये आधी स्वतःच्या केसांच्या बारीक वेण्या टाळूलगत पाडायच्या. मग पट्टीला शिवलेले केस (त्या पट्टीला वेफ्ट म्हणतात) वाकड्या सुईने आणि दोऱ्याने त्या वेण्यांवर ओळीने शिवत जायचं. गादीला टाके घालतात तसं. तीन-चार तास सहज जातात, आणि नीट राखलं तर सहा-आठ आठवडे टिकतं.

आणि गुंतवळ आठवतेय ना? 'केसांवर फुगे' म्हणत गल्लीतून जाणारा माणूस? कंगव्यात निघालेले केस आजी भिंतीच्या फटीत कोंबून ठेवायची आणि त्यावर आम्हाला फुगा मिळायचा, कधी पिना, कधी एखादं भांडं. ती गुंतवळही उलगडून, निवडून याच बाजारात जाते. रेमीपेक्षा खालच्या भावाने.

'चांगले केस' हा शब्द आला कुठून?

गुलामीतून. मालकाच्या केसांच्या जितकं जवळ तितकं चांगलं. बाकी सगळं 'वाईट', 'राठ', 'झाकून ठेव'. झाकण्याची तर सक्तीही झाली आहे. १७८६ मध्ये लुइझियाना स्पेनच्या ताब्यात होतं. तिथल्या मिरो नावाच्या गव्हर्नरने फर्मान काढलं की कृष्णवर्णीय बायकांनी डोक्याला फडकं बांधायचं. त्याला तिन्यॉन म्हणत. स्वतंत्र झालेल्या बायका केसांत मोती-पिसं माळून गोऱ्यांच्या डोळ्यांत सलत होत्या, हे कारण. बायकांनी काय केलं? उत्तमातलं उत्तम कापड आणलं, रंगीत, उंच, तुरेदार बांधलं. शिक्षेची फॅशन झाली.

आपल्याकडे विधवांचं केशवपन आठवतं मला हे वाचताना. दोन्ही गोष्टी एक नाहीत. पण बाईच्या डोक्यावर काय असावं हे दुसऱ्याने ठरवायचं, ही खोड दोन्हीकडची सारखी आहे.

गुलामी संपल्यावर धंदा उभा राहिला. सारा ब्रीडलव्ह १८६७ मध्ये लुइझियानात जन्मली. तिच्या घरात स्वतंत्र म्हणून जन्मलेली ती पहिली. धुणी धुवायची. केस गळायला लागले म्हणून औषधं शोधू लागली. आधी अ‍ॅनी मलोन यांच्या मालाची विक्रेती झाली, मग लग्नानंतर मॅडम सी. जे. वॉकर या नावाने स्वतःचा माल काढला. हजारो बायका तिच्या प्रतिनिधी म्हणून दारोदार फिरायच्या. तापवायचा कंगवा तिनेच शोधला असं सर्रास लिहिलं जातं. ते खरं नाही. तिचा मूळ माल टाळूच्या निगेचा होता. १९१९ मध्ये ती वारली तेव्हा न्यूयॉर्कजवळ तिचा स्वतःचा वाडा होता.

तापवायचा कंगवा म्हणजे?

लोखंडी किंवा पितळी कंगवा, लाकडी मुठीचा. थेट गॅसवर ठेवायचा. शनिवारी रात्री आई मुलीला स्वयंपाकघरात दोन गुडघ्यांमध्ये बसवणार, केसांना ग्रीस लावणार, कंगवा आधी ओल्या फडक्यावर टेकवून ताप बघणार. चर्र आवाज आला की अजून थांबायचं. मग 'कान धर' अशी आज्ञा. मुलीने कानाची पाळी दुमडून धरायची, नाहीतर डाग. केस ओढून सरळ करायचे, म्हणजे रविवारी चर्चमध्ये मुलगी नीटनेटकी दिसणार. घाम आला, पाऊस आला, की केस 'माघारी जायचे', पुन्हा मूळच्या वळणावर.

मानेवरचे अगदी बारीक, सगळ्यात घट्ट वळणाचे केस असतात ना, त्यांना तिकडच्या कृष्णवर्णीय बोलीत 'किचन' म्हणतात. या शब्दावर मी फिदा आहे.

बिली हॉलिडे केसांत गार्डेनियाची पांढरी फुलं माळायची, त्यामागेही अशीच कथा सांगितली जाते. कार्यक्रमाआधी तापलेल्या चिमट्याने केसांचा एक भाग जळला आणि तो झाकायला फूल लावलं. मग तेच तिचं रूप झालं. खरं-खोटं देव जाणे, पण पार्लरवालीला ती कथा पटते. चूक झाकायला आम्हीही गजराच पुढे करतो.

रिलॅक्सर आणि आपल्या पार्लरमधलं स्ट्रेटनिंग एकच का?

नाही! आणि हे शिकाऊ मुलींनी वहीत लिहून ठेवावं. आपल्याकडच्या कायमच्या स्ट्रेटनिंगच्या क्रीममध्ये बहुधा थायोग्लायकोलेट असतं. रिलॅक्सर म्हणजे घट्ट वळणाचे केस सरळ करायचं तिकडचं औषध, त्यात सोडियम हायड्रॉक्साइड किंवा त्याचं भावंड. दोन्ही केसातले सल्फरचे बंध तोडतात, पण वेगवेगळ्या रीतीने. एकावर दुसरं लावलं तर केस हातात येतात. शब्दशः.

सोडियम हायड्रॉक्साइड म्हणजे कॉस्टिक सोडा, तुंबलेली मोरी साफ करायला वापरतात तो. 'गुड हेअर'मध्ये त्यात अ‍ॅल्युमिनियमचा डबा टाकतात आणि तो विरघळत जातो. म्हणून रिलॅक्सरआधी टाळूला व्हॅसलीन फासायचं, आदल्या दिवशी डोकं खाजवायचं नाही, आणि घड्याळ समोर ठेवायचं. टीव्हीवरच्या प्रसिद्ध सूत्रसंचालक ओप्रा विन्फ्रे यांनी स्वतः सांगितलं आहे की बॉल्टिमोरमध्ये बातम्या देत असताना वाहिनीने त्यांना रूप बदलायला एका महागड्या सलूनमध्ये पाठवलं. तिथे औषधाने टाळू भाजली आणि सगळे केस गेले. तिथल्या हातांना तसे केस माहीतच नव्हते.

धंदा मात्र दणदणीत. शिकागोत जॉर्ज जॉन्सन यांनी १९५४ मध्ये काढलेली जॉन्सन प्रॉडक्ट्स केस सरळ करायच्या मालावर मोठी झाली. साठच्या दशकात 'कृष्णवर्ण सुंदर आहे' म्हणत तरुणांनी केस नैसर्गिक, गोल, डोक्याभोवती उभे ठेवायला सुरुवात केली, तेव्हा तिनेच अफ्रो शीन काढलं आणि 'सोल ट्रेन' या नाच-गाण्याच्या कार्यक्रमाला पैसा पुरवला. सरळ करा, पैसे द्या. सरळ करू नका, तरी पैसे द्या.

रिलॅक्सरने कर्करोग होतो का?

अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेचा एक अभ्यास ऑक्टोबर २०२२ मध्ये आला. ३३,४९७ बायकांच्या नोंदी होत्या. केस सरळ करायची औषधं कधीच न वापरणाऱ्यांमध्ये सत्तरीपर्यंत गर्भाशयाचा कर्करोग होण्याचं प्रमाण १.६४ टक्के, आणि वर्षात चारपेक्षा जास्त वेळा वापरणाऱ्यांमध्ये ४.०५ टक्के, असा अंदाज निघाला. हा संबंध आहे, कारण सिद्ध झालेलं नाही. पण मी गिऱ्हाइकाला हा आकडा सांगते आणि मग विचारते, करायचं का?

३सी, ४ए, ४सी ही काय भानगड आहे?

केसांच्या वळणाची वर्गवारी. ती ओप्रांचे केशरचनाकार आंद्रे वॉकर यांनी काढली. तेही पडद्याने मोठे केलेले पार्लरवालेच, एमी पारितोषिकं मिळवलेले. १९९७ च्या त्यांच्या पुस्तकात १ म्हणजे सरळ, २ म्हणजे लाटांचे, ३ म्हणजे कुरळे आणि ४ म्हणजे अगदी घट्ट वळणाचे असे चार गट होते. पुढचं अक्षर गटातलं वळण किती घट्ट ते सांगतं. '४सी' त्यांनी दिलेलं नाही, ते पुढे कुरळ्या केसांच्या बायकांनीच जोडलं.

उपयोग आहे, पण लोकांनी त्याचीही उतरंड करून टाकली. '३सी' म्हटलं की कौतुक आणि '४सी' म्हटलं की सहानुभूती. 'चांगले केस' मागच्या दाराने परत आले.

लॉक्स म्हणजे जट का?

हा प्रश्न आपल्याकडे येणारच, कारण जट हा शब्द आपण भीतीने उच्चारतो. डोक्यात जट आली म्हणजे देवीचं बोलावणं, असं सांगून मुली देवीला सोडल्या गेल्या. ती सोडवायला अंधश्रद्धा निर्मूलनवाल्यांनी गावोगाव कात्र्या चालवल्या, ते योग्यच केलं. तिथे मान दुखते, उवा होतात, धुता येत नाही, आणि मुख्य म्हणजे बाईला कोणी विचारलेलं नसतं.

लॉक्स हे ठरवून, भाग पाडून, पीळ देऊन किंवा विणून सुरू केलेले असतात. ते धुतात, वाळवतात, मुळाशी नव्याने वाढलेले केस दर काही आठवड्यांनी पुन्हा वळवून घेतात. त्यासाठी पार्लरमध्ये वेळ घ्यावी लागते. इंग्रजीतल्या जुन्या नावात 'ड्रेड', म्हणजे धास्ती, हा शब्द होता. अनेकांनी तो गाळून नुसतं लॉक्स ठेवलंय. दिसायला काहीसं सारखं, म्हणून नावही सारखं द्यायचं नाही.

केसांवरून नोकरी जाते? कायदा काही म्हणत नाही?

जात होती. रेने रॉजर्स अमेरिकन एअरलाइन्समध्ये कामाला होत्या. टाळूलगतच्या बारीक वेण्या, ज्यांना कॉर्नरोज म्हणतात, त्या घालायला कंपनीने मनाई केली. त्या कोर्टात गेल्या आणि १९८१ मध्ये हरल्या. न्यायालयाने काय नोंदवावं? की बो डेरेक या गोऱ्या नटीने एका चित्रपटात त्या वेण्या लोकप्रिय केल्यावर बाईंनी त्या घातल्या! शेकडो वर्षांची वेणी, आणि तिचं श्रेय दोन वर्षांपूर्वीच्या चित्रपटाला.

३ जुलै २०१९ रोजी कॅलिफोर्नियात क्राउन कायद्यावर सही झाली. सिनेटर हॉली मिचेल यांनी तो आणला होता. केसांचा पोत आणि वेण्या, लॉक्स, पीळ यांवरून नोकरीत किंवा शाळेत भेदभाव करायचा नाही, असं म्हणणारं ते पहिलं राज्य. मागोमाग न्यूयॉर्क, आणि मग अनेक राज्यं. संपूर्ण देशासाठीचं विधेयक मार्च २०२२ मध्ये प्रतिनिधिगृहात मंजूर झालं आणि सिनेटमध्ये अडकलं. टेक्सासने २०२३ मध्ये कायदा केला, तरी एका शाळेने लॉक्स ठेवणाऱ्या विद्यार्थ्याला वर्गाबाहेर बसवलं. शाळेचं म्हणणं, आमचा नियम पोताचा नाही, लांबीचा आहे. २०२४ मध्ये न्यायाधीशांनी ते मान्यही केलं. कायद्याला फट ठेवली की कोणीतरी कंगवा घालतंच.

सिनेमात तर पैसा असतो. तिथे काय अडचण?

तिथेच जास्त. सेटवर केस करणारी बहुतेक माणसं गोरी, त्यांना घट्ट वळणाच्या केसांना हात लावता येत नाही. कित्येक कृष्णवर्णीय नट्या पहाटे घरून स्वतः केस करून येत किंवा स्वतःचा विग पिशवीतून आणत. म्हणून हॉलिवूडच्या २०२३ च्या संपानंतर कलाकारांच्या संघटनेने केलेल्या करारात केस-मेकअपची कलमं आली.

पण चांगलं काम झालं ते विलक्षण झालं. २०१४ मध्ये 'हाउ टू गेट अवे विथ मर्डर' या मालिकेत व्हायोला डेव्हिस आरशासमोर बसते, विग काढते, पापण्या काढते, मेकअप पुसते. खाली तिचे स्वतःचे आखूड केस. दिवसभराची वकीलबाई उतरते आणि बाई उरते. या प्रसंगाचा आग्रह डेव्हिसचाच होता. मी शिकवताना तो दाखवते.

'ब्लॅक पँथर' (२०१८) मध्ये केशविभागाच्या प्रमुख कॅमिल फ्रेंड. पडद्यावर सगळे केस नैसर्गिक पोताचे. राजाच्या रक्षक स्त्रियांची डोकी भादरलेली, आणि त्यातलीच एक दक्षिण कोरियातल्या बुसानच्या जुगारखान्यात नाइलाजाने घातलेला विग उपटून शत्रूच्या तोंडावर फेकते! आमच्या पार्लरमध्ये तेव्हा शिट्ट्या वाजल्या.

२०२१ मध्ये मिया नील आणि जमिका विल्सन यांना 'मा रेनीज ब्लॅक बॉटम'साठी, सर्जिओ लोपेझ-रिव्हेरा यांच्याबरोबर, ऑस्कर मिळालं. मेकअप-केशरचनेचं ऑस्कर घेणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय स्त्रिया. व्हायोला डेव्हिससाठी नील यांनी त्यात घोड्याच्या केसांचाही एक विग बनवला, कारण मूळची मा रेनी, जुन्या काळची ब्लूज गायिका, तसा घालायची. माणसाचे केस एकेक करून जाळीत ओवताना माझे डोळे फुटतात. घोड्याचे म्हणजे कमाल आहे.

क्रिस रॉक म्हणजे ऑस्करमध्ये थप्पड खाल्लेले तेच का?

तेच. २७ मार्च २०२२. नटी जेडा पिंकेट स्मिथ यांच्या भादरलेल्या डोक्यावर रॉक यांनी विनोद केला, आणि जेडा यांचे नवरे, नट विल स्मिथ, यांनी मंचावर जाऊन थप्पड मारली. जेडा यांना चाई पडण्याचा आजार आहे. थप्पड मी योग्य म्हणत नाही. पण ज्याने केसांवर अख्खा माहितीपट केला त्यानेच हा विनोद करावा, याचं मला नवल वाटलं.

माझ्या पार्लरमध्ये आफ्रिकी विद्यार्थिनी आली तर काय करू?

मी केलं ते करू नको. पुण्यात आफ्रिकेतून बऱ्याच मुली शिकायला येतात. काही वर्षांपूर्वी एक केनियाची मुलगी आली, केस मोकळे करून, ट्रिम करायला. मी आपला नेहमीचा बारीक दातांचा कंगवा घेतला आणि कोरड्या केसांत मुळापासून घातला. दोन दात तिथेच तुटून राहिले. तिच्या डोळ्यांत पाणी. मग तिने माझ्या हातून पाण्याचा स्प्रे घेतला, केसांचे चार भाग केले, भरपूर कंडिशनर लावला, आणि बोटांनी टोकाकडून वर, टोकाकडून वर, असा गुंता सोडवत मला दाखवलं. शेवटी जाड दातांचा कंगवा. मी तिच्याकडून पैसे घेतले नाहीत, शिकवणीचे द्यायला हवे होते.

कारण साधं आहे. असा केस कापून बघितला तर गोल नाही, चपटा असतो, आणि प्रत्येक वळणावर तो कच्चा असतो. टाळूचं तेल त्या वळणांवरून खाली उतरत नाही, म्हणून टोकं कोरडी. ओढला की वळणावर तुटणार. आणि ओला असताना लांब दिसतो, वाळला की निम्मा होतो, तेव्हा ट्रिम करताना हात आखडता ठेव. वेण्या घालता येत नसतील तर स्पष्ट सांग. ती रागावत नाही, चुकीच्या हाताची तिला सवय असते आणि कंटाळाही.

आपल्या मुलींनी कॉर्नरोज घातल्या तर चालतं का?

सागरवेणी येत असेल तर बोटं पटकन शिकतात. तीन पेड, आणि प्रत्येक वळशाला टाळूवरचे थोडे केस आत घ्यायचे. फक्त ओळ बोटाइतकी बारीक, आणि बाजूचे पेड मधल्याच्या वरून नाही, खालून न्यायचे, म्हणजे वेणी उठून दिसते. आपले गुळगुळीत केस त्यातून दोन दिवसांत निसटतात, आणि घट्ट ओढल्या तर कपाळाजवळचे केस कायमचे जातात. हे झालं तंत्राचं. बाकी, फोटो टाकताना 'बो डेरेक स्टाइल' असं लिहू नका, एवढंच माझं मागणं.

मिस लॉरेन्स यांचं काम बघायचं तर कुठून सुरू करू?

'स्टार'पासून. गाणी आणि भांडणं पुढे ढकलली तरी चालतील, पार्लरचे प्रसंग सोडू नका. बोलण्यापेक्षा हातांकडे बघा. नट कंगवा धरतो तेव्हा त्याने एक वस्तू धरलेली असते. मिस ब्रूसच्या हातात तो धरलाय हे आपल्या लक्षातही येत नाही.